वॉल्टर ब्रेननला तीन ऑस्कर मिळाले त्यामागची गोष्ट

अभिनयाचे तीन ऑस्कर सगळ्यात आधी कोणाला मिळाले असं विचारलं तर बहुतेक लोक कॅथरिन हेपबर्न म्हणतील, कोणी इन्ग्रिड बर्गमन म्हणेल. पण हेपबर्नला तिसरं मिळालं १९६९ मध्ये, आणि त्याच्या अठ्ठावीस वर्षं आधी, फेब्रुवारी १९४१ मध्ये, वॉल्टर ब्रेनन नावाच्या एका माणसाचे तीन पूर्ण झालेले होते. नाव ऐकलेलं नसेल तरी चेहरा पाहिलेला असतो. जुन्या वेस्टर्नमध्ये, म्हणजे काउबॉयच्या पिक्चरमध्ये, हिरोच्या मागे लंगडत चालणारा, बोळक्या तोंडाचा, किरट्या आवाजात सारखी कुरकुर करणारा म्हातारा आठवतोय? बऱ्याचदा तो हाच.

आता हे कसं झालं ते समजायचं तर नुसतं त्याचं करिअर बघून भागत नाही, त्या काळातल्या एक्स्ट्रांचं, म्हणजे गर्दीच्या सीनसाठी रोजावर घेतलेल्या माणसांचं, काय चाललं होतं आणि ऑस्कर देणारी अ‍ॅकॅडमी कशी बुडायला आली होती हेही बघावं लागतं, कारण या तिन्ही गोष्टी एकमेकांत अडकलेल्या आहेत.

ब्रेनन जन्मला २५ जुलै १८९४ ला, मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या लिन गावात. आयरिश घर, वडील इंजिनिअर, पोरानेही तेच शिकायला घेतलं होतं, पण शाळेतच नाटकाचा नाद लागला. पहिलं महायुद्ध लागल्यावर सैन्यात गेला, फ्रान्समध्ये तोफखान्यात होता. परत आल्यावर १९२० मध्ये लग्न केलं आणि थोड्याच दिवसांत बायकोला घेऊन कॅलिफोर्नियाला गेला. डोक्यात काय काय होतं, ग्वातेमालात अननस पिकवायचे हासुद्धा एक प्लॅन होता म्हणे. पैसा केला तो मात्र लॉस एंजेलिसच्या जमिनींच्या धंद्यात. त्यावेळी तिथे प्लॉटचे भाव वेड्यासारखे चढत होते, याने बऱ्यापैकी कमावलं आणि १९२५ च्या सुमारास बाजार बसला तेव्हा जवळजवळ सगळं घालवलं. म्हणजे हा माणूस सिनेमात कलेच्या ओढीने वगैरे आला नाही, घरात पोरं होती आणि खिसा रिकामा होता म्हणून स्टुडिओच्या गेटवर जाऊन उभा राहिला.

गेटवर तेव्हा हजारो माणसं असायची. पेपरात नटनट्यांच्या बंगल्यांचे फोटो छापून यायचे आणि ते बघून अख्ख्या अमेरिकेतनं पोरंपोरी गाडी पकडून हॉलिवूडला यायच्या. एक्स्ट्रा पुरवणारे एजंट त्यांच्या रोजातनं कमिशन कापून घ्यायचे, मुलींच्या बाबतीत तर आणखी वाईट प्रकार व्हायचे. शेवटी बोंबाबोंब इतकी झाली की निर्मात्यांच्या संघटनेने डिसेंबर १९२५ मध्ये सेंट्रल कास्टिंग नावाचं ऑफिस काढलं. इथे नाव नोंदवायचं, रोज फोन करायचा, पलीकडनं 'आज काम नाही, नंतर बघा' ऐकायचं, परत फोन करायचा. काम मिळालंच तर दिवसाला तीन डॉलरपासून पुढे. स्वतःचा चांगला सूट असेल तर पार्टीच्या सीनसाठी जरा जास्त. एजंटांचा जाच कमी झाला हे खरं, पण काम मागणारे इतके आणि काम एवढंसं, त्यामुळे बहुतेकांना आठवड्यातनं एखादा दिवससुद्धा मिळायची मारामार.

ब्रेनन या गर्दीत दहाएक वर्षं होता. गर्दीतला माणूस, गाडीवान, वेटर, मार खाणारा, घोड्यावरून पडणारा, जे मिळेल ते. एकदा सेटवर गाढवासारखं ओरडणारा कोणीतरी हवा होता तेव्हा याने हात वर केला असं तो स्वतः सांगायचा. १९३३ च्या 'द इनव्हिजिबल मॅन' मध्ये अदृश्य माणूस एकाची सायकल पळवतो, तो सायकलवाला ब्रेनन आहे, डोळे उघडे ठेवून बघा नाहीतर निघून जातो. याच दिवसांत त्याची गॅरी कूपरशी ओळख झाली. कूपरपण तेव्हा वेस्टर्नमध्ये घोडेस्वारीच्या रोजावर होता, पुढे तो स्टार झाला, पण दोस्ती टिकली आणि दोघांनी नंतर पाच-सहा पिक्चर एकत्र केले.

१९३२ च्या आसपास शूटिंगच्या अपघातात ब्रेननचे बरेचसे दात गेले. चाळिशीही आली नव्हती. दुसरा कोणी असता तर खचला असता, याच्यासाठी मात्र ती लॉटरी ठरली. कवळी लावली की वयाला शोभेलसा माणूस, काढली की गाल आत, हनुवटी वर, एकदम सत्तरीचा म्हातारा. १९३५ मध्ये दिग्दर्शक हॉवर्ड हॉक्सकडे 'बार्बरी कोस्ट' साठी त्याला पाठवलं, हॉक्सने संवाद वाचायला सांगितले तर याने विचारलं, 'सह की विना?' हॉक्स म्हणाला, काय सह की विना? तर हा म्हणाला, 'दात.' हॉक्स हसत सुटला आणि काम दिलं. हा किस्सा हॉक्सनेच इतक्या वेळा सांगितलाय की त्यात थोडं तिखटमीठ असणारच, पण छोटीशी भूमिका शूटिंग चालू असताना वाढत गेली आणि त्याच वर्षी निर्माता सॅम्युअल गोल्डविनच्या कंपनीशी ब्रेननचा करार झालेला होता, हे पक्कं. एक्स्ट्राचा कॅरॅक्टर अ‍ॅक्टर झाला.

कॅरॅक्टर अ‍ॅक्टर हे त्या स्टुडिओ व्यवस्थेचं खास पीक. कराराने बांधलेला नट म्हणजे दर आठवड्याला पगार, काम असो नसो. मग स्टुडिओ त्याला रिकामा कशाला ठेवेल? आज डॉक्टर, परवा शेरीफ, पुढच्या महिन्यात दारुडा. वर्षाला सात-आठ पिक्चर सहज व्हायचे. प्रेक्षकांना चेहरा पाठ, नाव कोणाला ठाऊक नाही. बोलपटांमुळे या लोकांचं महत्त्व आणखी वाढलं, कारण आता नुसता चेहरा नाही तर आवाजही ओळखीचा लागायला लागला, आणि ब्रेननचा तो चिरका आवाज अंधारात ऐकला तरी कळायचा.

आता अ‍ॅकॅडमीकडे येतो.

१९२७ मध्ये अ‍ॅकॅडमी काढली ती स्टुडिओवाल्यांनी, आणि कामगारांच्या युनियन होऊ नयेत हा त्यामागचा एक हेतू होता हे आता कोणी लपवत नाही. मार्च १९३३ मध्ये देशभरातल्या बँका बंद पडल्या, स्टुडिओंनी सरळ सगळ्यांचे पगार आठ आठवडे निम्म्यापर्यंत कापायचं ठरवलं आणि अ‍ॅकॅडमीने त्यावर मान डोलावली. झालं, कलाकार भडकले. त्याच वर्षी स्क्रीन अ‍ॅक्टर्स गिल्ड ही नटांची युनियन उभी राहिली, लेखकांनीही आपली गिल्ड जोमाने बांधली, आणि लोक अ‍ॅकॅडमीचे राजीनामे देत सुटले. १९३६ च्या सोहळ्यावर गिल्डवाल्यांनी बहिष्कार टाकला, पटकथालेखक डडली निकोल्सने तर मिळालेलं ऑस्कर नाकारलं. अ‍ॅकॅडमीचा अध्यक्ष होता दिग्दर्शक फ्रँक काप्रा, त्याच्यासमोर प्रश्न हा की उरलेल्या मूठभर सभासदांना घेऊन ही संस्था टिकवायची कशी.

मग त्याने हळूहळू दारं उघडली. मजुरीच्या भांडणातनं अ‍ॅकॅडमी बाजूला झाली आणि पुरस्कारांचं मतदान गिल्डच्या लोकांना खुलं झालं. अ‍ॅक्टर्स गिल्डमध्ये एक्स्ट्रासुद्धा सभासद होते, दुय्यम दर्जाचे का होईना, त्यामुळे तीसच्या दशकाच्या उत्तरार्धात अंतिम मतदानात त्यांचाही हात लागला. स्टार मूठभर, एक्स्ट्रा हजारोंनी. गणित सरळ आहे.

याच सुमारास आणखी एक गोष्ट झाली. ४ मार्च १९३७ ला लॉस एंजेलिसच्या बिल्टमोर हॉटेलात जो सोहळा झाला त्यात पहिल्यांदाच सहाय्यक भूमिकांसाठी वेगळे पुरस्कार ठेवले. त्याआधी कॅरॅक्टर अ‍ॅक्टरला हिरोंच्याच स्पर्धेत उतरावं लागायचं, म्हणजे न उतरल्यासारखंच. पुरुषांमधला पहिलावहिला सहाय्यक पुरस्कार ब्रेननला मिळाला, 'कम अँड गेट इट' मधल्या स्वीडिश लाकूडतोड्यासाठी, समोर बॅझिल रॅथबोन आणि एकिम टॅमिरॉफसारखे लोक असताना. दुसरा १९३९ मध्ये 'केंटकी' साठी, त्यात तो घोडे पाळणारा खडूस म्हातारा आहे, प्रत्यक्षात वय चव्वेचाळीस. तिसरा १९४१ मध्ये 'द वेस्टर्नर' मधल्या जज रॉय बीनसाठी.

आणि एक गंमत, तिन्ही वेळा त्याच्या हातात सोनेरी बाहुला आलाच नाही. सहाय्यक विजेत्यांना तेव्हा फलक द्यायचे, भिंतीवर लावतात तसे. पूर्ण आकाराचा पुतळा त्यांना १९४४ च्या सोहळ्यापासून मिळायला लागला. हॅटी मॅकडॅनियल ही ऑस्कर मिळवणारी पहिली कृष्णवर्णीय कलाकार, १९४० मध्ये तिलाही फलकच मिळाला होता. नवीन पुरस्कार ठेवला खरा, पण 'हे आपले खालचे' ही भावना काही गेली नव्हती.

ब्रेननच्या तिन्ही विजयांचं श्रेय एक्स्ट्रांच्या मतांना देणारे बरेच आहेत. तो त्यांच्यातला होता, स्टार झाल्यावरही सेटवर त्यांच्याशी जुन्या मित्रासारखा वागायचा, मग त्यांनी आपल्या माणसाला मत दिलं तर नवल काय. इथपर्यंत पटतं. पण पुढे असंही सांगतात की तिसऱ्या विजयाने वरचे लोक इतके वैतागले की त्यांनी एक्स्ट्रांचा हक्कच काढून घेतला आणि म्हणून १९४१ च्या 'सार्जंट यॉर्क' साठी चौथं नामांकन असूनही ब्रेनन हरला. एक्स्ट्रांचा हक्क पुढे गेला हे खरं, पण ही गोष्ट मला जरा जास्तच गोळीबंद वाटते. त्या वर्षी तो हरला डोनाल्ड क्रिस्पकडून, आणि क्रिस्पच्या पिक्चरने सर्वोत्कृष्ट चित्रपटासकट पाच ऑस्कर नेले, त्या लाटेत कोणीही वाहून गेला असता. शिवाय 'द वेस्टर्नर' एकदा बघाच. फाशीची शिक्षा देताना हसणारा आणि लिली लँग्ट्री नावाच्या नटीच्या पोस्टरसमोर शाळकरी पोरासारखा लाजणारा तो जज एक्स्ट्रांच्या कृपेची वाट बघत बसलेला वाटत नाही. खुद्द कूपरने आधी कुरबूर केली होती की पिक्चर ब्रेननचा आहे, माझं काम काय यात. ती कुरबूर बरोबर निघाली. 'केंटकी' बद्दल मात्र मी एवढं छातीठोक बोलणार नाही, तिथे मला दोस्तीची मतं दिसतात.

चाळीसच्या दशकात त्याचं सगळ्यात चांगलं काम झालं आणि त्यातल्या बऱ्याच कामांना पुरस्कार वगैरे काही नाही. हॉक्सच्या 'टू हॅव अँड हॅव नॉट' मध्ये तो दारुडा एडी, भेटेल त्याला 'मेलेली मधमाशी कधी चावलीय का?' असं विचारत फिरतो. १९४६ मध्ये जॉन फोर्डच्या 'माय डार्लिंग क्लेमेंटाईन' मध्ये एकदम उलटा, पोरांना चाबकाने फोडून काढणारा थंड डोक्याचा क्लँटन. कुरकुऱ्या प्रेमळ आजोबाची सवय झालेल्या प्रेक्षकाला तो बघून काटा येतो. फोर्डशी त्याचं अजिबात जमलं नाही. तुला घोड्यावरपण चढता येत नाही का असं फोर्ड ओरडला तेव्हा 'नाही, पण अभिनयाची तीन ऑस्कर आहेत' असं उत्तर दिलं म्हणतात. फोर्डबरोबर परत काम केलं नाही एवढं खरं. हॉक्सबरोबर मात्र करत राहिला, १९४८ चा 'रेड रिव्हर', १९५९ चा 'रिओ ब्राव्हो', ज्यात तो लंगडा तुरुंगराखा स्टंपी आहे आणि जॉन वेनला दिवसभर टोमणे मारतो.

१९४८ मध्ये सुप्रीम कोर्टाने स्टुडिओंच्या विरोधात निकाल दिला, त्यांना स्वतःच्या मालकीची थिएटरं सोडावी लागली, त्यात टीव्ही आला आणि पगारी नटांची फौज पोसणं परवडेनासं झालं. कॅरॅक्टर अ‍ॅक्टरांची ती पिढी पांगली ती तेव्हा. बरेचजण टीव्हीवर गेले, ब्रेननही गेला, आणि त्याचं नशीब असं की घराघरात नाव झालं ते तिथेच. १९५७ ते १९६३ 'द रिअल मॅकॉयज' मध्ये तो आजोबा होता, साठी ओलांडल्यावर मुख्य माणूस, आणि आता खरंच म्हातारा. १९६२ मध्ये त्याचं 'ओल्ड रिव्हर्स' हे गाणं, गाणं कसलं, बोलत सांगितलेली गोष्ट, अमेरिकन चार्टमध्ये पहिल्या पाचात गेलं.

त्याची राजकीय मतं मात्र टोकाची उजवी होती आणि वयाबरोबर आणखी कडवट होत गेली. युद्धविरोधी आंदोलन काय, कृष्णवर्णीयांची नागरी हक्कांची चळवळ काय, सगळ्यामागे कम्युनिस्ट आहेत असं तो उघड बोलायचा, आणि १९७२ मध्ये त्याला निक्सनसुद्धा पुरेसा उजवा वाटला नाही, त्याने तिसऱ्या पक्षाच्या जॉन श्मिट्झला पाठिंबा दिला. रोजावरच्या एक्स्ट्रांशी इतका जिव्हाळ्याने वागणारा माणूस हक्क मागणाऱ्या लोकांबद्दल इतका कठोर कसा, हे मला जुळवता आलेलं नाही आणि पडद्यावरचा आजोबा बघताना ते मधेच आठवतं.

पैसा नीट सांभाळला, १९२५ चा धडा बसला असणार. ओरेगनमध्ये जोसेफ गावाजवळ मोठं रांच घेतलं, गावात मोटेल आणि सिनेमा थिएटर काढलं. २१ सप्टेंबर १९७४ ला कॅलिफोर्नियात ऑक्सनार्डला वारला, वय ऐंशी. सहाय्यक भूमिकेची तीन ऑस्कर त्याच्यानंतर आजवर कोणालाच मिळालेली नाहीत.