विल्यम कॅव्हेंडिश, न्यूकॅसलचा ड्यूक

(१५९३–२५ डिसेंबर १६७६). राजा आणि संसद यांच्यात झालेल्या इंग्लंडच्या यादवी युद्धात पहिल्या चार्ल्स राजाच्या वतीने उत्तरेची आघाडी सांभाळणारा सरदार. राजपक्षाच्या सरदारांनी हे युद्ध बव्हंशी स्वतःच्या जमिनी, कुळे आणि पत यांच्या बळावर लढवले. ते कसे, आणि त्याची किंमत कोणी मोजली, हे त्याच्या चरित्रातून फार स्पष्ट दिसते.

अफाट संपत्ती मिळवणारी बेस ऑफ हार्डविक ही त्याची आजी. वेलबेक आणि बोल्सोव्हर येथील वाडे त्याला वारशाने मिळाले. घोडे, तलवारबाजी, कविता आणि नाटके हे त्याचे खरे शौक. १६३३ आणि १६३४ मध्ये त्याने राजाला मेजवान्या दिल्या, त्यांत नाटककार बेन जॉन्सनने रचलेले मनोरंजनाचे कार्यक्रम झाले. १६३८ मध्ये त्याला युवराजाचा पालक-शिक्षक नेमण्यात आले. हा शिष्य म्हणजे पुढचा दुसरा चार्ल्स, ज्याला १६६१ च्या विवाहकरारात पोर्तुगालकडून मुंबई आंदण मिळाली. स्कॉटलंडशी युद्ध उभे राहिले तेव्हा न्यूकॅसलने राजाला १०,००० पौंड कर्जाऊ दिले.

१६४२ च्या उन्हाळ्यात त्याने न्यूकॅसल-अपॉन-टाइन हे बंदर राजासाठी ताब्यात घेतले. टाइनकाठचा कोळसा तिथूनच लंडनला जाई, शिवाय परदेशातून दारूगोळा उतरवायलाही ही जागा सोयीची होती. फौज उभारताना त्याने कॅथलिकांनाही भरती केले. त्यामुळे विरोधकांनी तिला ‘पोपची फौज’ म्हणून हिणवले. तिच्यातले ‘पांढरे डगलेवाले’ हे त्याचे खास पायदळ. रंगवलेले कापड पुरेसे नव्हते म्हणून त्यांना बिनरंगी लोकरीचे डगले मिळाले. ते शत्रूच्या रक्तात आम्हीच रंगवू, असे शिपाई म्हणाल्याचे त्याच्या पत्नीने नोंदवले आहे.

३० जून १६४३ रोजी ॲडवॉल्टन मूर येथे त्याने संसदेचे सेनानी फेअरफॅक्स पितापुत्र यांचा पराभव केला आणि जवळजवळ सगळे यॉर्कशर राजपक्षाकडे आले. हल बंदर मात्र त्याला घेता आले नाही. पाठीमागे शत्रूचे हल राहिले तोवर त्याला निर्धास्तपणे दक्षिणेकडे सरकता येईना. समकालीन इतिहासकार क्लॅरेंडनच्या मते त्याला सेनापतीचा थाट आणि अधिकार आवडत, पण त्यातले कष्ट पेलत नसत. हा शेरा कडक असला तरी निराधार नाही. तरीही ती फौज त्याच्या नावावर आणि पैशावर जमली होती, हे त्यात झाकले जाते.

१६४४ च्या जानेवारीत संसदेच्या बाजूने स्कॉट सैन्याने सरहद्द ओलांडली. एप्रिलपासून यॉर्कला वेढा पडला. राजाचा भाचा राजपुत्र रूपर्ट मदतीला आला आणि लगेच लढाईचा आग्रह धरून बसला. न्यूकॅसलला थांबायचे होते. २ जुलैच्या संध्याकाळी, आता आज काही होत नाही असे समजून तो मार्स्टन मूरवर आपल्या घोडागाडीत विसावला होता. तेवढ्यात शत्रू चालून आला. हाताशी आली ती नोकराची हलकी तलवार घेऊन तो लढला, असे त्याच्या पत्नीने लिहिले आहे. पांढरे डगलेवाले मागे हटले नाहीत. बहुतेक सगळे जागीच कापले गेले. उत्तर राजाच्या हातून गेली.

दरबारात हसे नको म्हणून न्यूकॅसल स्कारबरोहून जहाजाने हॅम्बुर्गला निघून गेला. तेव्हा कारभाऱ्याजवळ अवघे ९० पौंड शिल्लक होते. सेनापतीने असे निघून जाणे त्याच्या निष्ठेवरचा डाग ठरले. पण त्याच्यापाशी दुसरी फौज उभी करण्याची ऐपत उरली नव्हती, हेही खरे.

१६४५ मध्ये पॅरिसला त्याने राणीच्या सेवेतील मार्गारेट लुकासशी दुसरे लग्न केले. एकदा घरात जेवणाला पैसे नव्हते, तेव्हा तिने आपल्या दासीला पूर्वी भेट दिलेल्या वस्तू गहाण टाकायला सांगितल्या. इंग्लंडमध्ये संसदेने त्याच्या जमिनी जप्त करून विकायला काढल्या. भाऊ चार्ल्सने वेलबेक आणि बोल्सोव्हर कसेबसे सोडवून घेतले. अँटवर्पला चित्रकार रूबेन्सच्या घरात भाड्याने राहून तो उधारीवर घोडे पाळत आणि शिकवत राहिला. १६५८ मध्ये त्याने अश्वविद्येवरचा भव्य सचित्र ग्रंथ फ्रेंचमध्ये छापला. सावकार हे सगळे चालू देत, कारण परागंदा झालेला दुसरा चार्ल्स राजा म्हणून परतला की हा सरदारही परतेल, अशी त्यांना आशा होती.

१६६० मध्ये राजा परतला. न्यूकॅसलही निघाला, पण कर्जाची हमी म्हणून मार्गारेटला काही काळ अँटवर्पलाच राहावे लागले. १६६७ मध्ये तिने पतीचे चरित्र छापले आणि त्यात बुडालेल्या उत्पन्नाचा व्याजासह हिशोब मांडून नुकसान ९,४१,३०३ पौंड ठरवले. पत्नीने मांडलेला हा हिशोब जरा फुगवलेला असणार. दुसऱ्या चार्ल्सने १६६५ मध्ये आपल्या जुन्या गुरूला ड्यूक केले. पैसे मात्र परत केले नाहीत आणि राज्यकारभारातही त्याला स्थान दिले नाही. उरलेले आयुष्य त्याने वेलबेकला घोडे, नाटके आणि बांधकामे यांत घालवले. वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये तो आणि मार्गारेट यांचे एकत्र स्मारक आहे.