भाता, भिंग आणि खानदेशी ऊन

कडेचं बटण दाबलं की पुढचं झाकण उघडतं, दोन्ही बाजूंच्या पोलादी पट्ट्या सरळ होतात आणि लेन्स खटकन जागेवर येऊन बसते. कोटाच्या खिशात मावणाऱ्या चपट्या डबीचा क्षणात कॅमेरा होतो. झाइस इकॉनचा नेटार, आगफाचा आयसोलेट, कोडॅकचे तर कितीतरी प्रकार. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हे फोल्डिंग कॅमेरे जगभर खपले. आपल्याकडे अनेक घरांत असायचा तो आगफा क्लिक थ्री वेगळा, त्याची घडी होत नाही. खानदेशात फोल्डिंग कॅमेरा सापडलाच तर एखाद्या जुन्या फोटो स्टुडिओच्या माळ्यावर, भुसावळच्या रेल्वेवाल्या कुटुंबाच्या ट्रंकेत, नाहीतर भंगारवाल्याकडे पितळी समयांच्या ढिगाखाली.

घडीचा हा खटाटोप मोठ्या निगेटिव्हसाठी होता. कोडॅकने १९०१ साली आणलेली १२० नंबरची फिल्म यातल्या बऱ्याच कॅमेऱ्यांत बसते आणि ती आजही नवी मिळते. तिच्यावर ६ बाय ९ सेंटिमीटरचे आठ फोटो निघतात. एवढ्या निगेटिव्हला साधारण १०५ मिलिमीटर नाभीय अंतराची लेन्स लागते आणि लांबचं दृश्य स्पष्ट यायला ती फिल्मपासून जवळपास तेवढ्याच अंतरावर असावी लागते. म्हणजे कॅमेऱ्याच्या पोटात चार इंच काळोखाची पोकळी आली. ती हवी तेव्हा उघडायची आणि नको तेव्हा मिटायची, म्हणून पेटीला असतो तसा चुण्यांचा भाता. अशा निगेटिव्हचं क्षेत्रफळ ३५ मिलिमीटर फिल्मच्या पाचपटीहून जास्त भरतं. ती कागदावर थेट ठेवून प्रकाश दिला की तेवढाच फोटो तयार, फोटो मोठा करून छापणारा एन्लार्जर नको. घरच्या जुन्या अल्बममधले कातरलेल्या कडांचे छोटे फोटो बहुतेक असेच छापलेले आहेत.

जुन्या कॅमेऱ्याबद्दल कुणालाही विचारा, पहिला सल्ला बुरशीचा मिळतो. मुंबई-कोकणात तो अगदी योग्य आहे. लेन्सवर बुरशी वाढायला दमट हवा, अंधार आणि कोंडलेली जागा लागते, आणि तिच्यातून सुटणारी आम्लं काचेवर कायमचे व्रण करतात. खानदेशात पावसाळ्याचे चार महिने सोडले तर हवा इतकी कोरडी असते की हा धोका बराच कमी होतो. जूनमध्ये कॅमेरा चामड्याच्या केसमधून बाहेर काढावा, कारण चामडं ओल धरून ठेवतं, आणि सिलिका जेलच्या पुड्यांसह घट्ट डब्यात ठेवावा. बुरशीपुरतं एवढं पुरे. आपल्याकडे या कॅमेऱ्यांना खरा उपद्रव उन्हाळ्याचा आहे, आणि त्याकडे बघणारे फार थोडे.

पहिला मार भात्याला बसतो. चांगल्या भात्यात बाहेर पातळ चामडं, आत काळं कापड आणि मधे कागदी पट्ट्या असतात. पत्र्याखालच्या माळ्यावर एकामागून एक उन्हाळे गेले की चामड्यातलं तेल आणि ओलावा उडून जातो, ते कडक होतं आणि उघडमिट करताना घडीच्या कोपऱ्यांवर तडकतं. आगफाच्या बऱ्याच कॅमेऱ्यांत चामड्याऐवजी कृत्रिम कापड वापरलेलं आहे, ते तर कोपऱ्यांवर हमखास फाटतं. कॅमेरा विकत घेण्याआधी अंधाऱ्या खोलीत जावं, मागचं झाकण उघडून मोबाइलचा टॉर्च भात्याच्या आत धरावा आणि बाहेरून एकेक कोपरा हळूहळू फिरवत बघावा. सुईच्या टोकाएवढा ठिपका चमकला तरी त्या भोकातून आलेला प्रकाश फिल्मवर धुरकट पट्टा उमटवणार. दोन-चार भोकं असतील तर काळा रंग मिसळलेला कापडाचा डिंक अगदी पातळ लावून ती बुजतात. थर जाड झाला तर भाता मिटत नाही आणि तिथेच पुन्हा चिरतो. सगळेच कोपरे चमकत असतील तर मी असा कॅमेरा घेत नाही, लेन्स कितीही नावाजलेली असो.

दुसरा मार शटरला. लेन्सच्या मधोमध बसवलेलं हे शटर म्हणजे कागदासारख्या पातळ पोलादी पात्या आणि त्यांना हलवणाऱ्या स्प्रिंगा. पात्या पूर्ण कोरड्या असाव्या लागतात. उष्णतेने आजूबाजूचं जुनं ग्रीस पातळ होतं, त्यातलं तेल झिरपून पात्यांवर पसरतं आणि पुढे धूळ खाऊन चिकट होतं. मग १/२५ सेकंदावर लावलेलं शटर प्रत्यक्षात १/१० सेकंद उघडं राहतं, नाहीतर अर्ध्यावरच थांबतं. मोबाइलच्या स्लो मोशनमध्ये शटरचं चित्रण करून फ्रेम मोजल्या की खरा वेग कळतो. सेकंदाला २४० फ्रेम असतील आणि शटर २४ फ्रेम उघडं दिसलं, तर तो १/१० सेकंद झाला. उपाय सफाईचा: शुद्ध आयसोप्रोपिल अल्कोहोल किंवा लायटरचं पेट्रोल, बारीक कुंचला आणि भरपूर धीर. अडकलेल्या शटरमध्ये शिवणयंत्राचं तेल सोडणारे लोक आहेत. कृपा करून तसं करू नका, तेलाचा प्रत्येक थेंब पुन्हा पात्यांवरच जाणार आहे.

आगफाचं हिरवं ग्रीस मात्र याच्या उलट वागतं. ते वर्षांनुवर्षं घट्ट होत जातं, आणि शेवटी लेन्सची पुढची, फोकस करायची कडी फिरेनाशी होते. पक्कड लावून जोर करू नये. आधी ग्रीस विरघळवावं, मग कडी फिरवावी.

आता फोटो काढण्याविषयी. शोकेसमध्ये नुसता मांडून ठेवलेला कॅमेरा मला अर्धाच वाटतो. यांत प्रकाशमापक क्वचितच असतो, पण आपलं ऊन बहुतेक वर्ष भरवशाचं आहे. लख्ख उन्हात लेन्समधलं प्रकाशाचं भोक, म्हणजे अ‍ॅपर्चर एफ १६ ठेवायचं आणि शटरचा वेग फिल्मच्या आयएसओएवढा, म्हणजे प्रकाश टिपण्याची तिची क्षमता सांगणाऱ्या आकड्याएवढा: १०० ची फिल्म असेल तर १/१०० सेकंद. साध्या नेटारच्या व्हारिओ शटरवर १/२५, १/७५ आणि १/२०० एवढेच वेग असतात, म्हणून एप्रिल-मेच्या दुपारी ४०० ची फिल्म भरण्यात अर्थ नाही. १०० ची घ्या आणि १/७५ ला लावा. शटर जरा मंद असेल तर निगेटिव्ह फिल्म तेवढा जास्तीचा प्रकाश सहज सोसते. एफ १६ वर १०५ मिलिमीटरची लेन्स साडेअकरा मीटरवर फोकस केली की सुमारे सहा मीटरपासून क्षितिजापर्यंत सगळं स्पष्ट येतं. केळीच्या बागेचा बांध आणि मागची सातपुड्याची रांग, दोन्ही एकाच फोटोत.

दोन सवयी लावून घ्याव्यात. कॅमेरा उघडल्यावर मगच फिल्म पुढे सरकवायची. भाता झटकन पसरला की आतला हवेचा दाब क्षणभर उतरतो आणि सैल फिल्म पुढे ओढली जाते, फोटो मधेच अस्पष्ट येतो. दुसरी सवय मागच्या लाल खिडकीची. तिच्यातून फिल्मच्या पाठकागदावरचे आकडे दिसतात. ती लाल ठेवली, कारण जुन्या ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मला लाल रंग दिसत नसे. आजच्या पॅनक्रोमॅटिक फिल्मला तो दिसतो, त्यामुळे आकडा बघून झाला की खिडकीवर काळी चिकटपट्टी लावायची. खरेदी करताना स्पूल, म्हणजे फिल्म गुंडाळायची फिरकीही तपासा. कोडॅकच्या अनेक कॅमेऱ्यांना ६२० नंबरची फिल्म लागते. तिची रुंदी १२० एवढीच, पण स्पूल बारीक, त्यामुळे अंधारात १२० ची फिल्म जुन्या ६२० स्पूलवर गुंडाळून घ्यावी लागते.

फिल्म धुताना ऊन पुन्हा आडवं येतं. फिल्मवरचं चित्र उमटवणाऱ्या डेव्हलपर या रसायनासाठी २० अंश हे प्रमाण तापमान, आणि मे महिन्यात गच्चीवरच्या टाकीचं पाणी हात पोळेल इतकं गरम. इथे माठ कामाला येतो. माठातून झिरपणारं पाणी बाहेर उडून जाताना आतली उष्णता घेऊन जातं, आणि हवा जितकी कोरडी तितका हा वेग जास्त. हवेचं तापमान ४२ अंश आणि आर्द्रता १५ टक्के असेल तर अशा गारव्याची खालची हद्द साधारण २२ अंश येते. माठ प्रत्यक्षात त्याच्या थोडा वरच थांबतो. त्यात एक-दोन बर्फाचे खडे टाकले की २४ अंश सहज मिळतात. २० अंशाला साडेसात मिनिटं लागणारी फिल्म २४ अंशाला सव्वापाच मिनिटांच्या आसपास तयार होते. डेव्हलपिंगची वेळ पाच मिनिटांच्या खाली मात्र जाऊ देऊ नये, नाहीतर फिल्मवर डाग आणि पट्टे उमटण्याचा धोका वाढतो. डेव्हलपर, चित्र पक्कं करणारा फिक्सर आणि शेवटचं धुण्याचं पाणी, तिन्ही एकाच तापमानाला हवीत. २४ अंशातून काढलेली फिल्म थेट नळाच्या कढत पाण्याखाली धरली तर फिल्मवरचा जिलेटिनचा थर एकदम फुगून त्यावर बारीक सुरकुत्या येतात, आणि त्या पुन्हा जात नाहीत. म्हणून धुण्याचं पाणीही आदल्या रात्रीच दुसऱ्या माठात भरून ठेवावं.