ताप उतरला म्हणजे संसर्गाचा धोका टळला का?

‘औषधाने मुलाचा ताप उतरला तर संसर्ग साधा आहे, सेप्सिसची (संसर्गाला शरीराने दिलेल्या अनियंत्रित प्रतिसादामुळे अवयवांना इजा होण्याची जीवघेणी अवस्था) भीती नाही’ हा संदेश वर्षानुवर्षे फिरतो आहे. ताप उतरताच मूल खेळू लागल्याचे आपण अनेकदा पाहतो, त्यामुळे तो पटणे स्वाभाविक आहे.

वस्तुस्थिती मात्र वेगळी आहे. पॅरासिटामॉल तापाचे कारण काहीही असले तरी तापमान कमी करू शकते. जंतूंवर त्याचा परिणाम होत नाही. शिवाय सेप्सिसमध्ये तापमान सामान्य किंवा सामान्यापेक्षा कमीही असू शकते, विशेषतः नवजात बाळांत. म्हणूनच तातडीच्या विभागात थर्मामीटरबरोबर नाडी, श्वासाची गती, शुद्धी आणि त्वचेचा रंग पाहतात. रक्तदाबही मोजतात, पण मुलांमध्ये तो बराच उशिरा घसरतो, त्यामुळे तो ठीक असला तरी निश्चिंत होता येत नाही.

घरीही काही गोष्टी पडताळता येतात. मूल शांत असताना पूर्ण एक मिनिट श्वास मोजावेत : दोन महिन्यांखालील बाळात ६०, एक वर्षापर्यंत ५० आणि पाच वर्षांपर्यंत ४० किंवा त्याहून अधिक श्वास म्हणजे गती वाढलेली आहे. छातीच्या मधल्या हाडावर बोट पाच सेकंद दाबून सोडल्यावर रंग परतायला तीन सेकंद किंवा अधिक लागले, हातपाय गार पडले, लघवी कमी झाली किंवा मूल नीट जागे होईना, तर ताप नसला तरी ताबडतोब रुग्णालय गाठावे. तीन महिन्यांखालील बाळाला १००.४ अंश फॅरनहाइट ताप आला, तर तेवढ्यावरूनही तपासणी लगेच करावी.