बेलेम गेरेरो आणि मेक्सिकोची पॉइंट्स रेस

बेलेम गेरेरो (पूर्ण नाव मारिया बेलेम गेरेरो मेंदेस, जन्म ८ मार्च १९७४) ही मेक्सिकोची ट्रॅक आणि रोड सायकलपटू. २५ ऑगस्ट २००४ ला अथेन्स ऑलिंपिकमधे महिलांच्या पॉइंट्स रेसमधे तिने सिल्व्हर मेडल मिळवलं, आणि तिचं नाव मेक्सिकोच्या बाहेर कोणाला माहीत असेल तर ते त्या एका संध्याकाळमुळेच. मराठीत कधी कधी ग्वेरेरो असं लिहिलेलं दिसतं पण स्पॅनिशमधे तो उच्चार गेरेरो असाच होतो आणि अर्थ आहे योद्धा. आडनाव शोभतं तिला.

मेक्सिकोला सायकलिंगमधे ऑलिंपिक मेडल मिळाली ती एकूण दोन, २०२४ चं पॅरिस धरून. एक बेलेमचं आणि त्याच्या २० वर्षं आधी, १९८४ मधे, होसे युशिमात्सचं ब्राँझ. ते पण पॉइंट्स रेसमधेच. बाकी इतके सगळे प्रकार आहेत, स्प्रिंट, परस्यूट, टाइम ट्रायल (एकट्याने घड्याळाविरुद्ध), रोड रेस, माउंटन बाइक, कशातच काही नाही आणि या एका किचकट प्रकारात दोन. मला हा नुसता योगायोग वाटत नाही, पण त्यासाठी आधी ही रेस काय भानगड आहे ते बघायला लागेल.

पॉइंट्स रेस

ट्रॅक सायकलिंग लाकडी व्हेलोड्रोमवर चालतं, हल्ली २५० मीटरचा ट्रॅक असतो आणि वळणावर तो ४० अंशांच्या वर उभा चढलेला असतो, म्हणजे टीव्हीवर दिसतो त्यापेक्षा खूपच जास्त, कडेला उभं राहिलं तर भिंतच वाटते. सायकलला ब्रेक नाही, गिअर एकच आणि तोही फिक्स, म्हणजे चाक फिरतंय तोवर पेडल फिरणारच, पाय थांबवता येत नाहीत. रेस संपली तरी दोन-तीन चकरा मारतच वेग कमी करायचा.

पॉइंट्स रेसमधे सगळे एकत्र सुटतात. बेलेमच्या वेळी महिलांची रेस २५ किलोमीटरची होती, म्हणजे १०० लॅप. दर १० लॅपनंतर एक स्प्रिंट, त्याच्या आदल्या लॅपला घंटा वाजते, आणि लाइन आधी पार करणाऱ्या चौघींना ५, ३, २, १ असे पॉइंट्स. शिवाय कोणी पूर्ण घोळक्याला एक चक्कर मागे टाकून परत त्यांच्या शेपटाला जाऊन चिकटली की तिला एकदम २० पॉइंट्स. उलट घोळक्याने तुम्हालाच गाठलं तर २० वजा. शेवटी बेरीज.

म्हणजे इथे शेवटची लाइन कोण आधी पार करतं याला तसा फारसा अर्थच नसतो आणि पहिल्यांदा बघणाऱ्याला तर काही कळतच नाही, कोणीतरी एकटी पुढे पळतेय पण ती कदाचित सातवी असते, आणि घोळक्यात मधेच निवांत बसलेली बाई जिंकत असते. रायडरला मात्र हे सगळं डोक्यात ठेवावं लागतं, आपले पॉइंट्स किती, तिचे किती, पुढची घंटा कधी, ती दमलीये की नाटक करतेय. आणि हे सगळं ताशी ४५-५० च्या वेगाने, दुसऱ्याच्या चाकापासून वीतभर अंतरावर. पुढच्याच्या मागे लपून चालवलं तर पाव ते एक तृतीयांश ताकद वाचते, त्यामुळे सगळा खेळ वारा कोणाला खायला लावायचा याचा. नुसते दणकट पाय असून चालत नाही, हिशोब पाहिजे आणि थोडा लबाडपणा पण पाहिजे.

अथेन्स

बेलेम अथेन्सला आली तेव्हा तिचं ते तिसरं ऑलिंपिक होतं, आधी १९९६ चं अटलांटा आणि २००० चं सिडनी. महिलांची पॉइंट्स रेस ऑलिंपिकमधे आली तीच मुळी अटलांटाला, म्हणजे हा प्रकार सुरू झाला तेव्हापासून ती तिथे होती. वय ३०.

अथेन्सचा व्हेलोड्रोम जुनाच, त्यावर ऑलिंपिकसाठी स्पॅनिश आर्किटेक्ट कालात्रावाच्या डिझाइनचं भलंमोठं छप्पर बसवलेलं, पण बाजू उघड्या. रेसची फेव्हरिट होती रशियाची ओल्गा स्लुसारेवा, २००१ पासून सलग चार वर्षं वर्ल्ड चॅम्पियन, म्हणजे या प्रकारात तेव्हा दादा म्हणावी अशीच. ती जिंकली २० पॉइंट्सनी. बेलेमचे १४. तिसरी कोलंबियाची मारिया लुईसा काये १२, आणि चौथी अमेरिकेची एरिन मिराबेला ९.

या १४ आकड्याकडे जरा बघा. लॅप घेतला असता तर २० तिथेच मिळाले असते, म्हणजे बेलेमने लॅप घेतलेला नाही, हे १४ च्या १४ स्प्रिंटमधून वेचलेले आहेत, ५, ३, २, १ करत. तिसरी फक्त २ पॉइंट्स मागे. एखाद्या स्प्रिंटला मागे राहिली असती तर कदाचित ब्राँझ, दोन चुकल्या असत्या तर कदाचित काहीच नाही.

त्या ऑलिंपिकमधे मेक्सिकोला एकूण चार मेडल मिळाली, गोल्ड एकही नाही. देशाची सगळी आशा होती ४०० मीटरवाली आना गेवारावर, तिला सिल्व्हर मिळालं ते आदल्याच दिवशी, २४ ऑगस्टला. उरलेली दोन तायक्वांदोत, ओस्कार सालाझारचं सिल्व्हर आणि त्याची बहीण इरिडियाचं ब्राँझ. गेवारा म्हणजे तेव्हा मेक्सिकोत घराघरात माहीत असलेलं नाव, त्यामुळे बेलेमचं मेडल तिच्या मागोमाग आलं ते थोडं सावलीतच आलं असं मला तरी वाटतं.

रेसनंतर अजून एक लफडं झालं, त्यात बेलेमचा काही संबंध नव्हता पण त्या पोडियमबद्दल लिहायचं तर टाळता येत नाही. तिसऱ्या आलेल्या कायेच्या टेस्टमधे हेप्टामिनॉल नावाचं बंदी असलेलं द्रव्य सापडलं, मेडल काढून घेतलं आणि मिराबेलाला दिलं. कायेचं म्हणणं की मी रेसआधी फक्त डोकेदुखीची गोळी घेतली होती. प्रकरण क्रीडा लवादाकडे गेलं, तिथे असं निघालं की त्या गोळीतला एक घटक लॅबमधे तपासणी करतानाच हेप्टामिनॉलमधे बदलू शकतो, मग २००५ मधे कायेला मेडल परत मिळालं आणि मिराबेलाने ते परत केलं. कोलंबियाचं सायकलिंगमधलं ते पहिलं ऑलिंपिक मेडल. म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या जागेवर दोन लॅटिन अमेरिकन बायका, ज्या ट्रॅकवर तोवर बहुतेक युरोपियन आणि ऑस्ट्रेलियनच दिसायचे.

त्याआधीचं ब्राँझ

युशिमात्सचं ब्राँझ १९८४ च्या लॉस एंजेलिसचं. बेल्जियमचा रॉजर इलेगेम्स पहिला, पश्चिम जर्मनीचा उवे मेसरश्मिट दुसरा, युशिमात्स तिसरा. तेव्हाचे नियम वेगळे होते, लॅप आधी बघायचे आणि पॉइंट्स नंतर, म्हणजे एक लॅप पुढे असलेला माणूस पॉइंट्स कमी असले तरी वरच. सोव्हिएत गटाने त्या ऑलिंपिकवर बहिष्कार टाकलेला, त्यामुळे स्पर्धा थोडी हलकी होती असं म्हणणारे म्हणतात, पण आलेल्यांना तर हरवावंच लागतं ना.

पातळ हवा

आता खरी गंमत. सायकलिंगच्या जगात मेक्सिकोचं नाव मोठं आहे, पण ते मेक्सिकन रायडर्समुळे नाही, हवेमुळे. मेक्सिको सिटी समुद्रसपाटीपासून सुमारे २,२४० मीटरवर आहे आणि तिथली हवा खालच्यापेक्षा साधारण पाचव्या हिश्शाने विरळ. ट्रॅकवर ताशी ५० ने जाताना रायडरची जवळजवळ सगळी ताकद हवा कापण्यातच जाते, त्यामुळे हवा पातळ झाली की तेवढाच वेग कमी कष्टात मिळतो. अर्थात तीच हवा फुफ्फुसात पण जाते, ऑक्सिजन कमी पडतो, पाय लवकर भरून येतात. दोन्हींची वजाबाकी केली तर थोडा फायदा उरतो, आणि रेकॉर्ड करायला तेवढा थोडा पण पुरतो.

१९६८ च्या ऑलिंपिकसाठी तिथे आगुस्तिन मेल्गार व्हेलोड्रोम बांधला. मेल्गार हा १८४७ मधे अमेरिकेविरुद्धच्या युद्धात चापुल्तेपेकच्या किल्ल्यावर मारला गेलेला कॅडेट, मेक्सिकोत ज्या सहा पोरांना बालवीर म्हणतात त्यातला एक. ऑलिंपिकचं उद्घाटन व्हायच्या दोन दिवस आधी, १० ऑक्टोबर १९६८ ला, डेन्मार्कच्या ओले रिटरने तिथे एका तासात ४८.६५३ किलोमीटर मारले आणि अवर रेकॉर्ड तोडला. अवर रेकॉर्ड म्हणजे एकट्याने एक तास, जेवढं अंतर जाईल तेवढं, संपलं. मग काय, रांगच लागली. २५ ऑक्टोबर १९७२ ला एडी मर्क्स ४९.४३१. जानेवारी १९८४ मधे फ्रान्सेस्को मोझर, डिस्क चाकं लावून, आधी ५०.८०८ आणि चारच दिवसांनी ५१.१५१, पन्नाशी ओलांडणारा पहिला माणूस. बायकांमधे फ्रान्सची जानी लाँगो आणि २००३ मधे नेदरलँड्सची लिओंतिन फान मूर्सेल ४६.०६५, हे पण मेक्सिको सिटीलाच.

नंतर हे सगळं आग्वासकालिएन्तेसला सरकलं. नावाचा अर्थ गरम पाणी, उंची १,९०० मीटरच्या जरा खाली, आणि तिथे छप्पर असलेला नवा २५० मीटरचा ट्रॅक. फ्रान्सच्या फ्रांस्वा पर्व्हिसने डिसेंबर २०१३ मधे तिथे एक किलोमीटर ५६.३०३ सेकंदात आणि फ्लाइंग २०० मीटर (आधीच वेग घेऊन येऊन) ९.३४७ सेकंदात मारले. २०१८ मधे इटलीची व्हित्तोरिया बुस्सी ४८.००७, २०१९ मधे बेल्जियमचा व्हिक्टर कॅम्पेनार्ट्स ५५.०८९, पुन्हा बुस्सी २०२३ मधे ५०.२६७, तासात ५० च्या पुढे गेलेली पहिली बाई. सगळ्यांनाच जमलं असं नाही, ब्रिटनचा अलेक्स डाउसेट २०२१ मधे तिथे आला आणि ५४.५५५ वर अडकला. आणि २०२२ मधे फिलिपो गानाने स्वित्झर्लंडमधल्या ग्रेंशनला, जिथे उंचीचा फारसा फायदा नाही, ५६.७९२ करून ठेवले, म्हणजे हवा हे सगळं काही नाही हे पण सिद्ध झालं.

पण ही यादी परत वाचा. डॅनिश, बेल्जियन, इटालियन, फ्रेंच, डच. घर मेक्सिकोचं आणि पाहुणेच जेवून जातायत. कारण उघड आहे, असल्या प्रयत्नाला सायकल, कपडे, विंड टनेल, डॉक्टर, महिनाभर आधी येऊन राहणं, सगळा पैशाचा मामला, आणि तो पैसा युरोपियन टीमकडे. एकट्याने घड्याळाविरुद्ध चालवायच्या प्रकारात चांगलं सामान म्हणजे फुकटचे मीटर. पॉइंट्स रेसमधे तसं नाही. तिथे महागडी चाकं असली तरी घंटा वाजल्यावर चुकीच्या चाकामागे बसलात तर मेलात. म्हणून मला वाटतं, मेक्सिकोची दोन्ही मेडल याच रेसमधे आणि तीही स्वतःच्या हवेपासून लांब, खालच्या जाड हवेत आली यात काहीतरी आहे.

अपवाद आहेत, नाही असं नाही. नान्सी काँत्रेरास २००१ मधे अँटवर्पला ५०० मीटर टाइम ट्रायलची वर्ल्ड चॅम्पियन झाली. आणि जेसिका सालाझारने ऑक्टोबर २०१६ मधे त्याच ५०० मीटरचा वर्ल्ड रेकॉर्ड केला, ३२.२६८ सेकंद, तो मात्र आग्वासकालिएन्तेसला. चला, घरच्या हवेचा घरच्या कोणालातरी उपयोग झाला.

रोडवर

रोडचं गणित पुन्हा वेगळं. तिथे नाव घ्यायचं ते मोंतेर्रेच्या राउल अल्कालाचं, १९८६ मधे टूर द फ्रान्स चालवणारा पहिला मेक्सिकन, अमेरिकेच्या सेव्हन इलेव्हन टीममधून. पुढच्याच वर्षी तरुण रायडरची पांढरी जर्सी. मग पीडीएम टीममधे गेला, १९८९ आणि १९९० ला टूरमधे एकेक स्टेज (एका दिवसाचा टप्पा) जिंकला आणि दोन्ही वेळा आठवा आला, त्यातली १९९० ची स्टेज ६१.५ किलोमीटरची टाइम ट्रायल होती आणि तीत मागे राहिलेल्यांमधे पुढे टूर जिंकणारा इंदुराइन होता. १९९२ ला सान सेबास्तियन क्लासिक ही स्पेनमधली एका दिवसाची रेस जिंकला. त्यानंतर एवढ्या वर पोचलेला मेक्सिकन यायला बरीच वर्षं लागली, तो म्हणजे एन्सेनादाचा इसाक देल तोरो, २०२३ चा टूर द लाव्हनिर (तरुण रायडर्सची रेस) जिंकला, मग २०२५ च्या जिरोमधे, म्हणजे इटलीच्या मोठ्या रेसमधे, ११ दिवस पहिल्या नंबरच्या गुलाबी जर्सीत, बोर्मिओची स्टेज पण मारली, आणि शेवटून दुसऱ्या दिवशी फिनेस्त्रेच्या चढावर ब्रिटनचा सायमन येट्स निघून गेला तेव्हा हा आणि इक्वेडोरचा कारापाझ एकमेकांकडे बघत बसले. जिरो गेली, दुसरा आला. पॉइंट्स रेस कळणाऱ्याला तो प्रसंग बघून हळहळ वाटली असणार, वारा तू खा, नाही तू खा, आणि तिसराच पसार.

पुढे रेसचं काय झालं

स्वतंत्र पॉइंट्स रेस ऑलिंपिकमधून गेली. २००८ चं बीजिंग शेवटचं, महिलांमधे तिथे नेदरलँड्सची मारियान फोस जिंकली. २०१२ पासून ऑम्नियम आलं, म्हणजे बऱ्याच रेस मिळून एकच मेडल, आधी त्यात सहा प्रकार होते, टोकियोपासून एकाच दिवसात चार, आणि त्यातली शेवटची असते ती पॉइंट्स रेस. आधीच्या तीन रेसचे पॉइंट्स सोबत घेऊनच रायडर तिच्यात उतरतात. म्हणजे बेलेमला जे मेडल मिळालं ते आज त्या रूपात कोणाला मिळूच शकत नाही. वर्ल्ड चॅम्पियनशिपमधे मात्र ती रेस अजून स्वतंत्र आहे, दर १० लॅपला स्प्रिंट तसाच, ५, ३, २, १ तसेच, फक्त शेवटच्या स्प्रिंटला आता डबल पॉइंट्स मिळतात.