जीएसआयच्या महासंचालकपदाचा अर्ज कुठे मिळतो?

भूगर्भशास्त्र शिकणाऱ्या मुलांशी माझा रोजचा संबंध. शीर्षकातला प्रश्न दरवर्षी कुणीतरी विचारतंच, अर्धं गमतीत आणि अर्धं मनापासून. उत्तर सोपं आहे: कुठेच नाही.

भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण, म्हणजे जीएसआय, 1851 पासून आहे. रेल्वेसाठी कोळसा हवा होता, त्यातून ही संस्था उभी राहिली. पहिले प्रमुख थॉमस ओल्डहॅम. पहिले भारतीय संचालक एम. एस. कृष्णन, पण त्यासाठी 1951 उजाडावं लागलं. अमेरिकेत अशा संस्थेच्या प्रमुखाचं नाव राष्ट्राध्यक्ष सुचवतात आणि सिनेट त्याला मंजुरी देतं. आपल्याकडे साधारणपणे आतल्याच वरिष्ठ अधिकाऱ्यांमधून बढतीनं नाव पुढे येतं आणि मंत्रिमंडळाची नियुक्ती समिती त्यावर शिक्का मारते. म्हणजे कोलकात्याच्या मुख्यालयातल्या त्या खुर्चीचा खरा अर्ज भरायचा तो तीसेक वर्षं आधी, यूपीएससीच्या कम्बाइन्ड जिओ-सायंटिस्ट परीक्षेचा. आणि तिथे पुष्कळ जण बाद होतात ते अभ्यासात कमी पडून नाही, कागदात कमी पडून.

आधी दार नीट ओळखा. जीएसआय खाण मंत्रालयाखाली येते. नावात 'भू' आहे म्हणून मुलं पृथ्वी विज्ञान मंत्रालयाच्या संकेतस्थळावर भरती शोधत बसतात. तिथे हवामान खातं सापडेल, जीएसआय नाही. नागपूरचं भूविज्ञान आणि खनिकर्म संचालनालय आणि पुण्याची भूजल सर्वेक्षण यंत्रणा ही राज्याची खाती, त्यांचा जीएसआयशी संबंध नाही. गोंधळ वाढायला आणखी एक कारण आहे: जीएसआयच्या मध्य विभागाचं कार्यालयही नागपुरातच आहे.

आता वय. 21 पूर्ण आणि 32 च्या आत, एवढं सगळ्यांना पाठ असतं. कोणत्या तारखेला, हे मात्र कुणी वाचत नाही. अधिसूचना साधारण सप्टेंबरमध्ये निघते, पण वय मोजतात पुढच्या वर्षीच्या, म्हणजे परीक्षेच्या वर्षीच्या 1 जानेवारीला. सप्टेंबरमध्ये तुम्ही 31 चे आहात, म्हणून निश्चिंत आहात. नोव्हेंबरात 32 पूर्ण झाले की विषय संपला. ओबीसींना तीन वर्षं आणि अनुसूचित जाती-जमातींना पाच वर्षं सवलत आहे, तीही याच तारखेपासून मोजायची.

पदवीचं दुखणं जास्त खोल. भूवैज्ञानिक पदासाठी पदव्युत्तर पदव्यांची एक लांबलचक यादी अधिसूचनेत छापलेली असते: जिऑलॉजी, अप्लाइड जिऑलॉजी, मिनरल एक्स्प्लोरेशन, इंजिनिअरिंग जिऑलॉजी, मरिन जिऑलॉजी, जिओकेमिस्ट्री वगैरे. तुमच्या प्रमाणपत्रावरचं नाव त्या यादीत असलं पाहिजे. 'आम्हाला पेपर तेच होते, सर' हे आयोगाला ऐकू जात नाही. एन्व्हायर्न्मेंटल सायन्स आणि जिओइन्फॉर्मेटिक्सची मुलं इथे हमखास अडकतात. एमएस्सीला प्रवेश घेण्याआधीच ही यादी बघा. दोन वर्षं घालवून मग ती माझ्याकडे घेऊन आलात, तर मला फक्त चहा पाजता येईल. भूभौतिकी आणि रसायनशास्त्र या पदांच्या याद्या वेगळ्या आहेत. शेवटच्या वर्षाला असाल तरी अर्ज चालतो, पण उत्तीर्ण झाल्याचा पुरावा पुढे सविस्तर अर्जासोबत द्यावा लागतो. आपल्या विद्यापीठांचे निकाल कधी लागतात हे तुम्ही जाणताच, त्यामुळे परीक्षा विभागाच्या खेपा आधीपासून सुरू करा.

याच परीक्षेतून केंद्रीय भूजल मंडळाची 'सायंटिस्ट बी' पदंही भरतात. दोन्हीकडे उभं राहायचं असेल तर अर्जातच तसं नोंदवा. नंतर आठवून उपयोग नाही.

आता खरी रड: जातीचं आणि उत्पन्नाचं प्रमाणपत्र. पहिला मुद्दा, ते केंद्राच्या नमुन्यात हवं. महाविद्यालयाच्या प्रवेशाला चाललेलं राज्याच्या नमुन्यातलं नॉन-क्रीमी लेयर इथे चालेलच असं धरू नका. दुसरा मुद्दा, तुमची जात केंद्राच्या ओबीसी यादीत हवी. कुणबी आहे. मराठा उमेदवारांचं एसईबीसी, म्हणजे सामाजिक आणि शैक्षणिक मागास वर्गाचं प्रमाणपत्र मात्र राज्यापुरतं. यूपीएससीला ते दाखवून फायदा नाही. अशांनी निकषात बसत असल्यास केंद्रासाठीचं ईडब्ल्यूएस, म्हणजे आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटकाचं प्रमाणपत्र काढावं. तिसरा मुद्दा, तारीख. प्रमाणपत्र कोणत्या आर्थिक वर्षाच्या उत्पन्नावर हवं आणि कोणत्या तारखेच्या आत दिलेलं हवं, हे अधिसूचनेत लिहिलेलं असतं. अर्जाची शेवटची तारीख उलटल्यावर काढलेला कागद कितीही खरा असला तरी रद्दीच. आणि एकदा ओपन म्हणून भरलेला अर्ज नंतर राखीव करून मिळत नाही.

माझ्या एका विद्यार्थिनीचं सांगतो. वडील शेतकरी, मोठा भाऊ पुण्यात नोकरीला. ईडब्ल्यूएससाठी ती तालुक्याच्या गावी गेली. खिडकीतल्या बाबूंनी भावाचा पगार वडिलांच्या उत्पन्नात मिळवला, बेरीज आठ लाखांच्या मर्यादेवर नेली आणि कागद परत सरकवला. नियमात 'कुटुंब' म्हणजे अर्जदार, आई-वडील, नवरा किंवा बायको, 18 वर्षांखालची भावंडं आणि मुलं. सव्वीस वर्षांचा भाऊ त्यात येत नाही. तिनं केंद्राचं जानेवारी 2019 चं परिपत्रक छापून नेलं, त्या ओळीखाली पेननं रेघ मारून. बाबूंनी ते उलटंपालटं करून पाहिलं आणि म्हणाले, "साहेब सोमवारी भेटतील." साहेब भेटले पुढच्या गुरुवारी. प्रमाणपत्र हातात पडलं ते अर्जाची मुदत संपल्यावर दोन दिवसांनी. पोरगी ओपनमधून बसली. म्हणून माझं सांगणं एवढंच: अधिसूचनेची वाट पाहू नका. एप्रिलमध्ये आर्थिक वर्ष बदललं की जुलैपर्यंत हे काम उरकून टाका.

ईडब्ल्यूएसमध्ये पगार, शेती, धंदा सगळं धरतात, शिवाय पाच एकर किंवा त्याहून जास्त शेतजमीन असेल तर उत्पन्न कितीही कमी असो, बाद. ओबीसीच्या क्रीमी लेयरच्या उत्पन्न-चाचणीत मात्र आई-वडिलांचा पगार आणि शेतीचं उत्पन्न मिळवत नाहीत. नोकरदारांच्या बाबतीत ते कोणत्या दर्जाच्या पदावर आहेत ते बघतात. दोन्हीकडे आकडा आठ लाखांचाच, मोजायची पद्धत वेगळी. खिडकीवर हे दोन्ही नियम एकमेकांत मिसळलेले तुम्हाला भेटतील. भांडू नका, परिपत्रक पुढे करा.

बाकी प्रक्रिया सरळ आहे. अर्ज ऑनलाइन. शुल्क 200 रुपये, ते महिलांना, अनुसूचित जाती-जमातींना आणि दिव्यांगांना माफ. फेब्रुवारीच्या सुमारास 400 गुणांची पूर्वपरीक्षा, चुकलेल्या उत्तराला त्या प्रश्नाच्या गुणांतले एक तृतीयांश वजा. जूनमध्ये लेखी मुख्य परीक्षा 600 गुणांची, मग 200 गुणांची मुलाखत. नाव दहावीच्या प्रमाणपत्रावर आहे तसंच सगळीकडे लिहा. आपल्या गुणपत्रिकेवर आडनाव आधी असतं आणि आधारवर शेवटी, एवढ्याशा फरकावरून पडताळणीच्या दिवशी घाम फुटतो.

निवड झाली की भूवैज्ञानिक, मग वरिष्ठ भूवैज्ञानिक, आणि पुढे संचालक, उपमहासंचालक, अतिरिक्त महासंचालक अशी शिडी. इथे पहिल्या अर्जाचं वय पुन्हा आडवं येतं. निवृत्ती साठीला. चोविसाव्या वर्षी लागलेल्याला 36 वर्षं मिळतात, एकतिसाव्या वर्षी लागलेल्याला 29, आणि वरची पायरी रिकामी झाल्याशिवाय खालचा हलत नाही. महासंचालकपदापर्यंत पोचणारे बहुतेकदा निवृत्तीच्या उंबरठ्यावर असतात, म्हणून ती खुर्ची लवकर लवकर रिकामी होते.

नोकरीत शिरल्यावर कागद संपले असं वाटतं. ते तर तिथे सुरू होतात. बढतीची समिती साधारण मागच्या पाच वर्षांचे कामगिरीचे वार्षिक अहवाल, म्हणजे 'एपार', बघते आणि वरच्या पदांना 'व्हेरी गुड' शेरा लागतो. तुमचा अहवाल तुम्हाला दाखवला जातो. शेरा पटला नाही तर म्हणणं मांडायला 15 दिवस असतात. पुष्कळ जण फील्डवर तंबूत असतात, परत येऊन अहवाल उघडतात तेव्हा विसावा दिवस.

आणि 31 जानेवारी. त्या तारखेपर्यंत दरवर्षी स्थावर मालमत्तेचं विवरण भरायचं, मालमत्ता असो वा नसो. ते राहिलं तर दक्षता विभागाचं ना-हरकत अडू शकतं. माझ्या ओळखीतल्या एका अधिकाऱ्याची फाइल अशीच परत आली होती. आयुष्यभर दगड वाचलेला माणूस, एका वर्षी 'काही बदल नाही' एवढं लिहायचं राहून गेलं होतं.