फाइव (चित्रपट, १९५१)

अणुयुद्धात माणूसजात संपल्यावर उरलेल्या पाच जणांची गोष्ट सांगणारा अमेरिकन कृष्णधवल चित्रपट. लेखन, निर्मिती, दिग्दर्शन सगळं आर्च ओबोलर याचंच, लांबी साधारण ९३ मिनिटं, वितरण कोलंबिया पिक्चर्सचं. खर्च ७५ हजार डॉलर झाला असं सांगतात, म्हणजे तेव्हाच्या हॉलिवूडच्या हिशोबात चिल्लरच.

चित्रपटाचं नाव कुठे निघालंच तर एका दाव्यासाठी निघतं, की अणुयुद्धानंतरचं जग दाखवणारा हा पहिला चित्रपट. हा दावा जसाच्या तसा घेऊ नये. जगबुडी पडद्यावर त्याआधी बऱ्याचदा येऊन गेली होती. डेन्मार्कमध्ये ऑगस्ट ब्लोमने १९१६ सालीच धूमकेतू आदळवला होता, १९३३ च्या 'डेल्यूज'मध्ये न्यूयॉर्क पाण्याखाली गेलं, आणि १९३६ च्या 'थिंग्ज टू कम'मध्ये तर अनेक वर्षं चाललेलं युद्ध, मग साथ, मग पडक्या शहरातली टोळीवाल्यांची सत्ता असं सगळंच आहे, फक्त अणुबॉम्ब नाही, कारण तो तेव्हा नव्हताच. आता अणुबॉम्बच हवा म्हटलं तर 'रॉकेटशिप एक्स-एम' १९५० चा आहे, म्हणजे फाइवच्या वर्षभर आधीचा, त्यात किरणोत्सर्गाने उद्ध्वस्त झालेली संस्कृती आणि रानटी झालेले वंशज दोन्ही दिसतात, पण ते मंगळावर. त्यामुळे 'पृथ्वीवर, अणुयुद्धातून वाचलेल्या माणसांवर बेतलेला पहिला पूर्ण लांबीचा अमेरिकन चित्रपट' एवढ्या अटी घातल्या की दावा टिकतो. तेच बरं वाटतं.

काळ लक्षात घेतला तर असा चित्रपट तेव्हाच का आला ते कळतं. ऑगस्ट १९४९ मध्ये रशियाने अणुचाचणी केली, जानेवारी १९५० मध्ये अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष ट्रुमनने हायड्रोजन बॉम्बचं काम पुढे नेण्याचं जाहीर केलं, जूनमध्ये कोरियात युद्ध पेटलं.

ओबोलर मूळचा शिकागोचा आणि रेडिओवाला. जन्मसाल कुठे १९०७ तर कुठे १९०९ दिलेलं दिसतं. 'लाइट्स आउट' ही भयकथांची रेडिओ मालिका १९३६ मध्ये त्याच्याकडे आली आणि १९३७ मध्ये त्याने कोंबडीचं काळीज वाढत वाढत पृथ्वी गिळतं अशी श्रुतिका लिहिली, म्हणजे जग बुडवायची प्रॅक्टिस आधीपासून होतीच. फाइव बघताना हे सतत जाणवतं. पात्रं बोलतात, खूप बोलतात, आणि डोळे मिटून ऐकलं तरी निम्म्याहून जास्त चित्रपट कळेल. काही जण याला दोष मानतात. पण पैसे नसताना हाच मार्ग उरतो. स्फोट परवडत नव्हता, म्हणून इथे माणसं मरतात ती किरणोत्सर्गी धुळीने, इमारती जागच्या जागी उभ्या राहतात आणि शहरातल्या बंद पडलेल्या गाड्यांमध्ये सांगाडे बसलेले दिसतात. ही काटकसर चित्रपटाच्या पथ्यावर पडली, कारण शहर धडधाकट आणि माणूस तेवढा गायब हे ढिगाऱ्यापेक्षा जास्त अंगावर येतं.

शूटिंगसाठी दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या फिल्म विभागातून नुकतीच बाहेर पडलेली पोरं घेतली आणि सेट म्हणून स्वतःचंच घर वापरलं. ते घर मात्र साधंसुधं नाही. मालिबूजवळच्या डोंगरातलं 'ईगलफेदर', आराखडा फ्रँक लॉइड राइट या नामवंत वास्तुविशारदाचा, १९४० च्या सुमाराचा. ठरलेलं मुख्य घर कधी झालंच नाही, गेटहाऊस आणि बायकोसाठीची टेकडीवरची छोटी वास्तू एवढंच उभं राहिलं. नोव्हेंबर २०१८ च्या वूल्सी वणव्यात यातलं बहुतेक जळालं, त्यामुळे वास्तुकलेच्या लोकांनाही आता हा चित्रपट कामाचा झालाय.

कथा थोडक्यात: रोझॅन ही गरोदर बाई हॉस्पिटलच्या शिसं लावलेल्या एक्स-रे खोलीत होती म्हणून वाचली, मायकेल एम्पायर स्टेट बिल्डिंगच्या लिफ्टमध्ये, चार्ल्स आणि म्हातारा बार्नस्टेपल बँकेच्या तिजोरीघरात. बार्नस्टेपलला आपण रजेवर आलोय असंच वाटत असतं, तो लवकरच जातो. पाचवा एरिक, गिर्यारोहक, हा म्हणे एव्हरेस्टवर अडकला होता म्हणून बचावला, आणि तिथून अमेरिकेच्या किनाऱ्यापर्यंत पोचतो (शिखर तोवर कुणी सर केलेलं नव्हतं, ते १९५३ मध्ये). या बचावांचं शास्त्र फार तपासू नये, हवेत पसरलेली धूळ लिफ्टबाहेर थांबून राहत नाही.

चार्ल्स कृष्णवर्णीय आहे आणि एरिकला ते खपत नाही, शेवटी तो त्याचा खून करतो. जगात पाचच माणसं उरली तरी एकाला दुसऱ्याचा रंग सलतोच, हे १९५१ च्या अमेरिकेत सरळ दाखवणं धाडसाचं होतं. चार्ल्सची भूमिका करणाऱ्या चार्ल्स लॅम्पकिनने जेम्स वेल्डन जॉन्सनच्या 'द क्रिएशन' या कवितेचा भाग चित्रपटात म्हटलाय, आणि तो घ्यायला ओबोलरला त्यानेच राजी केलं असं सांगतात. अनेकांच्या मते चित्रपटातला हाच सगळ्यात चांगला भाग, आणि त्यात खोटं काही नाही. तरीही कृष्णवर्णीय पात्र मरतं आणि शेवटी उरतात ती दोन गोरी माणसं, हा आक्षेप राहतोच.

नंतरच्या चित्रपटांवर याचा किती परिणाम झाला ते ठामपणे सांगणं अवघड. रॉजर कॉर्मनचा 'डे द वर्ल्ड एंडेड' (१९५५) आणि हॅरी बेलाफॉन्टेची भूमिका असलेला 'द वर्ल्ड, द फ्लेश अँड द डेव्हिल' (१९५९) यांची मांडणी जवळची आहे, दुसऱ्यात तर वर्णाचा प्रश्नही आहे, पण साम्य म्हणजे उसनवारी नव्हे. ओबोलरने पुढच्याच वर्षी 'ब्वाना डेव्हिल' काढून थ्रीडीची लाट आणली आणि त्याचं नाव त्याच्याशीच जोडलं गेलं. मायकेल झालेल्या विल्यम फिप्सने १९५० च्या 'सिंड्रेला'त राजपुत्राला आवाज दिला होता. रोझॅन झालेली सुझन डग्लस पुढे कॅनडात गेली आणि १९६६ मध्ये टोरोंटोत तिने यंग पीपल्स थिएटर सुरू केलं. एरिक म्हणजे जेम्स अँडरसन, १९६२ च्या 'टू किल अ मॉकिंगबर्ड'मधला वर्णद्वेष्टा बॉब युएल तो हाच.