ओ १२.२४ की ओ १४.२४? बाळंतपणातली सूज, लघवीतलं प्रोटीन आणि कोडची निवड

हॉस्पिटलच्या नोंदीत प्रत्येक निदानाला एक ठरावीक कोड लावतात; ओ १२.२४ आणि ओ १४.२४ हे त्यातले, अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१०-सीएम यादीतले. दोन कोडांत फरक एका आकड्याचा, पण अर्थाची दोन टोकं. ओ १२.२४ म्हणजे गरोदरपणामुळे आलेली सूज, सोबत लघवीतून जाणारं प्रोटीन, रक्तदाब वाढलेला नाही, आणि त्याच भरतीत बाळंतपण झालेलं. ओ १४.२४ म्हणजे बाळंतपणाच्या वेळचा हेल्प सिन्ड्रोम: तांबड्या पेशी फुटतात, यकृताचे एन्झाइम चढतात, प्लेटलेट घसरतात, आई आणि बाळ दोघांच्या जिवावर बेततं. बोट घसरून २ च्या जागी ४ पडला तरी संगणक अडवत नाही, कारण दोन्ही कोड वैध आहेत. म्हणून रुग्णाचा चार्ट बंद करण्याआधी कोडपुढे येणारं वर्णन वाचलंच पाहिजे.

रत्नागिरी, चिपळूण, कुडाळकडून घरी बसून अमेरिकी हॉस्पिटलांचं कोडिंग करणाऱ्यांना हे पाच खुणांचे कोड लागतात. आपल्याकडच्या हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात जागतिक आरोग्य संघटनेची आयसीडी-१० आवृत्ती वापरत असतील, तर कोड ओ १२.२ वरच थांबतो. बाळंतपण दाखवणारा शेवटचा ४ तिथे नसतो.

टायपिंगची चूक सोडली तर खरा घोळ ओ १२ आणि ओ १४ या दोन गटांतच होतो. ओ १२ च्या शीर्षकातच लिहिलंय: उच्च रक्तदाबाशिवाय. ओ १४ म्हणजे प्री-एक्लॅम्प्सिया. त्यात विसाव्या आठवड्यानंतर रक्तदाब १४०/९० किंवा त्याहून जास्त, तोही किमान चार तासांच्या अंतराने दोनदा, आणि जोडीला लघवीत प्रोटीन किंवा इतर अवयवांवर ताण. म्हणजे फाटा फुटतो तो रक्तदाबाच्या रकान्यात. सुजेवरून काहीच ठरत नाही, आणि प्री-एक्लॅम्प्सियाच्या निकषांतून सूज कधीच वगळली गेली आहे.

कोकणात हे नीट ध्यानात ठेवायला हवं. आषाढात चिखलात उभं राहून लावणी, दमट हवा, घरात सुकी मासळी. आठव्या-नवव्या महिन्यात पाय सुजले, जोडवी रुतायला लागली की घरची माणसं ‘उभं राहून झालं’ म्हणतात, आणि पुष्कळदा ते बरोबरही असतं. गर्भाशयाचा भार शिरांवर येतो, अंगात पाणी साठतं, नडगीवर अंगठा दाबला की खड्डा पडतो. पण नर्सने ‘पायाला सूज ++’ लिहिलं म्हणून ओ १२.०४ (नुसती सूज, प्रोटीन नाही) लावता येत नाही. डॉक्टरांनी ते निदान म्हणून नोंदवलेलं हवं.

प्रोटीनचंही तसंच. लघवी तपासायच्या पट्टीवर १+ म्हणजे साधारण ३० मिलिग्रॅम दर डेसिलिटर, २+ म्हणजे १००. खात्रीचा आकडा २४ तासांच्या लघवीचा: ३०० मिलिग्रॅम किंवा जास्त. कळा सुरू झाल्यावर घेतलेल्या नमुन्यात रक्त किंवा गर्भजल मिसळलं की पट्टी उगाच रंग बदलते, म्हणून कॅथेटरने घेतलेल्या नमुन्यावर भरवसा ठेवावा. लघवीचा जंतुसंसर्ग असेल तर तो वेगळाच रस्ता, ओ २३ चा.

आता समजा चार्टवर असं आहे: पहिलं बाळंतपण, ३८ आठवडे, डॉक्टरांचं निदान ‘गरोदरपणातली सूज व प्रोटीन्युरिया’, रक्तदाब दर वेळी ११८/७६ च्या आसपास, त्याच भरतीत जिवंत एक बाळ. कोड ओ १२.२४, सोबत ३८ आठवड्यांसाठी झेड ३ए.३८ आणि जिवंत एका बाळासाठी झेड ३७.०. ओ ८० इथे लावू नका. तो गुंतागुंत नसलेल्या बाळंतपणाचा. आर ६० (एरवीची सूज) आणि आर ८० (एरवीचं लघवीतलं प्रोटीन) हेही नकोत. गरोदरपणातली सूज आणि प्रोटीन त्यांच्या वर्ज्य यादीत आहेत.

याच चार्टवर निदान तेच, पण रक्तदाब १५०/९६ आणि पाच तासांनी १४८/९४ असेल तर? इथे स्वतःहून ओ १४ लावण्याचा मोह होतो. लावू नये. आकड्यांवरून निदान करणं कोडरचं काम नव्हे. डॉक्टरांना विचारणा पाठवावी: वाचनं आणि लघवीचा अहवाल समोर ठेवून ‘याचं निदान काय’ एवढंच विचारावं, उत्तर सुचवू नये. त्यांनी सौम्य ते मध्यम प्री-एक्लॅम्प्सिया लिहिलं तर ओ १४.०४, गंभीर लिहिलं तर ओ १४.१४, प्रकारच लिहिला नाही तर ओ १४.९४. रक्तदाब वाढलेला पण प्रोटीन लक्षणीय नाही, असं निदान आलं तर ओ १३.४. गरोदरपणाच्या आधीपासूनच उच्च रक्तदाब असेल तर ओ १० आणि ओ ११ बघावेत. मॅग्नेशियम सल्फेट चालू दिसलं आणि निदानात फक्त सूज असली, तर विचारणा टाळूच नका. ते औषध झटके रोखायला देतात.

शेवटच्या आकड्यावर अनेकजण अडखळतात. बाई ३६ व्या आठवड्यात भरती झाली आणि ३७ व्यात त्याच भरतीत बाळंत झाली, तर तिसऱ्या तिमाहीचा ३ नव्हे, बाळंतपणाचा ४. बाळंत न होता घरी गेली तरच ३. बाळंत होऊन घरी गेली आणि पाचव्या दिवशी सूज व प्रोटीनसाठी परत आली, तर ५: ओ १२.२५, आणि तेव्हा झेड ३७ पुन्हा लावायचा नाही. शिवाय ओ हे इंग्रजी अक्षर आहे, शून्य नव्हे. हाताने भरलेल्या फॉर्मवर शून्य पडून कोड परत येतो.